दुसऱ्याचे शब्द, आपला गळा

गायकाबद्दल आपल्याकडे भरपूर लिहिलं जातं, पण ते बहुतेक वेळा गळ्याबद्दल असतं. शब्द गीतकाराचे, चाल संगीतकाराची आणि आवाज तेवढा गायकाचा, ही वाटणी आपण धरूनच चालतो. त्यामुळे गायकाचं शब्दांशी नातं काय, तो ते कुणाच्या वतीने उच्चारतो आणि उच्चारता उच्चारता त्यांची जबाबदारी कितपत घेतो, हे प्रश्न समीक्षेत फारसे येत नाहीत. भाषांतरकाराच्या वाट्यालाही साधारण हेच येतं. तो दुसऱ्याचे शब्द बोलतो, म्हणून त्याला स्वतःचं काही म्हणायचं नसावं, असा समज असतो. गेली काही वर्षं डॉनी मनरो या स्कॉटिश गायकाची कारकीर्द मी याच प्रश्नांसाठी पुन्हा पुन्हा तपासतो आहे. रनरिग या फोक-रॉक बँडचा तो तेवीस वर्षं मुख्य गायक होता. त्याने गायलेली जवळजवळ सगळी महत्त्वाची गाणी रोरी आणि कॅलम मॅकडॉनल्ड या दोन भावांनी लिहिली होती आणि त्यांतली बरीचशी अशा भाषेत होती, जी समोरच्या हजारो श्रोत्यांना कळत नव्हती. पुढे एके दिवशी हा गायक मंच सोडून निवडणुकीला उभा राहिला. या वळणाकडे चाहते हळहळीने पाहतात. मला मात्र ते त्याच्या गाण्याचाच पुढचा टप्पा वाटतं. असं का वाटतं, ते मांडण्यासाठी हा लेख.

आधी पार्श्वभूमी. रनरिगची सुरुवात 1973 साली स्कॉटलंडच्या वायव्य किनाऱ्यावरच्या स्काय बेटावर झाली. मॅकडॉनल्ड बंधू आणि अकॉर्डियन वाजवणारा ब्लेअर डग्लस असे तिघे तेव्हा गावोगावच्या नाचगाण्यांच्या कार्यक्रमांत वाजवत. स्कायवरच्याच उइग गावात जन्मलेला मनरो 1974 मध्ये त्यांना येऊन मिळाला. तो चित्रकला शिकलेला होता आणि पुढे काही वर्षं त्याने शाळेत चित्रकला शिकवली. 1973 हे वर्ष स्कायच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. त्याच वर्षी बेटाच्या दक्षिण टोकाला साबल मोर ओस्तग हे गॅलिक भाषेचं महाविद्यालय उभं राहिलं. त्याच वर्षी 7:84 या नाट्यसंस्थेने हायलँडमधल्या विस्थापनाची कथा सांगणारं नाटक गावागावांतल्या सभागृहांत नेलं. आदल्याच वर्षी ‘वेस्ट हायलँड फ्री प्रेस’ हे वृत्तपत्र स्कायवरून निघू लागलं होतं. बँड, महाविद्यालय, नाटक आणि वृत्तपत्र यांची मुळं एकाच अस्वस्थतेत आहेत. 1872 च्या शिक्षण कायद्याने शाळेत गॅलिकला जागाच ठेवली नव्हती. 1891 च्या जनगणनेत अडीच लाखांहून अधिक गॅलिकभाषक होते, ते 1981 पर्यंत एकोणऐंशी हजारांवर आले. शाळेत जी भाषा कधी दिसली नाही, ती घरात बोलत किंवा ऐकत वाढलेली ही पिढी होती.

बँडचं नावही याच इतिहासातून आलं. रनरिग म्हणजे जमीन पट्ट्यापट्ट्यांनी कसण्याची जुनी पद्धत. चांगली जमीन कायम एकाच्याच हाती राहू नये म्हणून हे पट्टे कुळांमध्ये ठरावीक काळाने फिरवले जात. अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत जमीनदारांनी मेंढपाळीसाठी गावंच्या गावं उठवली आणि ही पद्धतही संपली. आधुनिक वाद्यवृंदाने शेतीतली मोडून गेलेली व्यवस्था नावात घ्यावी, यात थोडा भाबडेपणा आहे. पण त्यांनी एखाद्या सरदाराचं, किल्ल्याचं किंवा लढाईचं नाव घेतलं नाही, हेही नोंदवायला हवं. नाव घेतलं ते कसणाऱ्यांच्या व्यवस्थेचं.

‘प्ले गॅलिक’ हा पहिला अल्बम 1978 चा आणि तो संपूर्ण गॅलिकमध्ये आहे. नाव मात्र इंग्रजी. बँडच्या नावाला जोडून वाचलं, तर ‘रनरिग गॅलिक वाजवतात’ एवढंच साधं विधान होतं. सुटं वाचलं, तर तीच आज्ञा होते : गॅलिक वाजवा. पुढच्या सगळ्या प्रवासातला पेच या दोन शब्दांत आधीच आलेला आहे. गाणं कुणासाठी? घरच्यांसाठी म्हणावं, तर नाव इंग्रजीत कशाला? बाहेरच्यांसाठी म्हणावं, तर आतलं सगळं गॅलिकमध्ये कसं?

दुसऱ्या वर्षीच्या ‘द हायलँड कनेक्शन’मध्ये माल्कम जोन्सची इलेक्ट्रिक गिटार पुढे आली. जोन्स बॅगपाइपही वाजवतो आणि त्याच्या गिटारीत पाइपच्या सुरावटींची वळणं ऐकू येतात. या अल्बममधलं ‘फिहत ब्लीअना’ म्हणजे ‘वीस वर्षं’ हे गाणं मनरोच्या कारकिर्दीतलं कळीचं गाणं मानावं लागेल. विषय शाळेचा आहे. मुलाला दूरदेशीचा इतिहास पाठ करायला लावला जातो आणि आपल्याच मातीत काय घडलं, हे त्याला विशी गाठल्यावर कळतं. शब्द मनरोचे नाहीत. पण तो ते ज्या ठाम संथपणे म्हणतो, त्याने तक्रारीची साक्ष होते. त्याचा आवाज भरदार आहे, किंचित कंप असलेला, ओळीच्या शेवटच्या स्वरावर रेंगाळणारा. रॉक गायक राग दाखवायला आवाज फाडतात. मनरो उलट शब्द अधिक स्पष्ट करतो. वर्गात फळ्यावर लिहून दाखवणाऱ्या शिक्षकाचा हा स्पष्टपणा आहे. ऐकणाऱ्याला अर्थ कळणार नाही हे ठाऊक असतानाही उच्चार नीट ठेवायचा, ही मी त्याच्या गायकीची नैतिकता समजतो.

बँडच्या द्वैभाषिकतेकडे पाहताना मला अरुण कोलटकरांची आठवण होते. इंग्रजी ‘जेजुरी’ 1976 चं आणि ‘अरुण कोलटकरच्या कविता’ 1977 चं. या दोन पुस्तकांतला कवी एक, पण वाचकाशी बोलण्याच्या त्याच्या तऱ्हा दोन. इंग्रजी कवितेत तो बसमधून उतरून पाहणारा आहे. मराठीत तो पाहत नाही, त्या भाषेच्या गर्दीतच उभा आहे. मॅकडॉनल्ड बंधूंच्या गीतांतही अशी फोड दिसते. त्यांची इंग्रजी गाणी बहुतेक समजावून सांगणारी आहेत. ‘डान्स कॉल्ड अमेरिका’ हे 1984 चं गाणं घ्या. जेम्स बॉसवेलने 1773 मध्ये स्कायवर ‘अमेरिका’ नावाचा एक नाच पाहिल्याची नोंद केली आहे. जोड्या एकामागून एक फिरू लागतात आणि शेवटी सगळेच गरगरत असतात. स्थलांतराची लागण गावात कशी पसरते, ते त्या नाचातून दिसत होतं. गाणं या नोंदीवर उभं आहे आणि ज्याला हा इतिहास माहीत नाही त्याच्याशी बोलतं. त्याउलट ‘महासागराचं वर्तुळ’ अशा अर्थाचं शीर्षक असलेलं गॅलिक गाणं काहीच समजावत नाही. त्यात समुद्र आहे, मागे राहिलेला किनारा आहे, पुन्हा परतण्याची ओढ आहे. हे सगळं आपल्याला आधीच ठाऊक आहे, असं धरून ते चालतं.

ही विभागणी अर्थात काटेकोर नाही. 1987 च्या ‘द कटर अँड द क्लॅन’मधलं ‘अल्बा’, म्हणजे ‘स्कॉटलंड’, हे त्यांचं ठळक राजकीय गाणं गॅलिकमध्ये आहे. म्हणजे गॅलिक केवळ हळव्या आठवणींसाठी आणि इंग्रजी राजकारणासाठी, असा सोपा हिशेब मांडता येत नाही. माझ्या मते फरक विषयाचा नाही, गृहीतांचा आहे. इंग्रजी गाणं श्रोत्याला पाहुणा समजतं, गॅलिक गाणं घरचा.

मी या गाण्यांचे शब्द इंग्रजी भाषांतरासह वाचले आणि काहींना मराठीत आणून पाहिलं. गंमत अशी, की शब्दकोशाच्या पातळीवर गॅलिकमधल्या काही कल्पनांना मराठी इंग्रजीपेक्षा अधिक जवळची ठरते. ‘दूहस’ ही संकल्पना घ्या. वंशपरंपरेने जमिनीवर असलेला हक्क, मूळ गाव आणि रक्तातून आलेला स्वभाव, हे तिन्ही अर्थ त्या एका शब्दात आहेत. इंग्रजी भाषांतरांत तिथे वारसा या अर्थाचा गुळगुळीत शब्द येतो. मराठीत ‘वतन’ चपखल बसतो : हक्कही आला, गावही आलं, पिढ्याही आल्या. पण बसवल्यावर तो टोचू लागतो. आपल्या वतनात पाटलाची मिरास आहे आणि महाराची वेठही आहे. डॉ. आंबेडकरांनी ज्या महार वतनाविरुद्ध झगडा केला आणि जे कायद्याने 1958 मध्ये संपलं, ते त्या शब्दाच्या पोटातच आहे. मराठी वाचकाला म्हणून ‘वतन’ ऐकताच प्रश्न पडतो : कुणाचं वतन?

हा प्रश्न रनरिगला विचारला पाहिजे. त्यांच्या गाण्यांत कुळ, रक्त आणि भूमी यांबद्दल ऊब आहे. पण हायलँडमधली गावं उठवणारे सगळे जमीनदार परके नव्हते. त्यांतले अनेक त्याच कुळांचे वंशपरंपरागत प्रमुख होते. ज्यांना कुळ बापासारखं मानत होतं, त्यांनीच मेंढ्यांना जागा करून दिली. या घरच्या विश्वासघाताचा ताण बँडच्या भव्य समूहगानांत पुष्कळदा विरघळून जातो. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस कीबोर्डच्या जाड थरांत आणि मैदानी रॉकच्या ढोलांत ‘आपण सगळे’ ही भावना इतकी मोठी होते, की त्या ‘आपण’मध्ये कोण कुणाच्या छातीवर बसला होता, ते ऐकू येत नाही. ‘रिकव्हरी’ (1981) आणि ‘हार्टलँड’ (1985) या अल्बमांत हा खरखरीतपणा अजून शिल्लक आहे. म्हणून मला ते दोन अधिक जवळचे वाटतात.

लोकप्रियता मात्र नंतरची. 1987 च्या अल्बमनंतर क्रिसालिस या मोठ्या कंपनीशी करार झाला. ‘सर्चलाइट’ आणि ‘द बिग व्हील’ आले. जून 1991 मध्ये लॉख लोमंडच्या काठावर, बॅलख इथे झालेल्या मैफलीला चाळीस हजारांहून अधिक लोक होते. 1993 मध्ये ‘अमेझिंग थिंग्ज’ ब्रिटनच्या अल्बमांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेला. जर्मनी आणि डेन्मार्कमध्ये मोठा चाहतावर्ग तयार झाला. आणि 1995 मध्ये ‘अन ऊवल अस आर्जा’, म्हणजे ‘सर्वांत उंचावरचं सफरचंद’, हे मुळात 1987 च्या अल्बममधलं गाणं एकेरी ध्वनिमुद्रिका म्हणून निघालं आणि अठराव्या क्रमांकावर पोहोचलं. स्कॉटिश गॅलिकमधलं गाणं ब्रिटनच्या पहिल्या विसांत येण्याची ही पहिलीच वेळ. ते तिथे पोहोचलं एका बिअरच्या दूरचित्रवाणी जाहिरातीमुळे.

यावर नाक मुरडणं सोपं आहे. गाणं श्रद्धेने भरलेलं, बागेचं आणि बियांचं. जाहिरात बिअरची. पण त्याआधी तीनच वर्षं, 1992 मध्ये, केपरकेली या बँडने गायलेलं एक जुनं श्रमगीत पहिल्या चाळिसांत आलं होतं. हेब्रिडीज बेटांवर बायका लोकरीचं ओलं कापड मेजावर आपटून घट्ट करत आणि त्या ठेक्यावर गात. ते गाणं या परंपरेतलं होतं, आपल्या जात्यावरच्या ओव्यांचं सख्खं भावंड म्हणावं असं. ओवी दळणातून सुटून आकाशवाणीवर आली, तेव्हा काय घडलं? ती जपली गेली आणि त्याच क्षणी तिचं काम संपलं. दळणाऱ्या बाईची ओवी दुसरी बाई पुढे नेत असे. आकाशवाणीवरच्या ओवीला श्रोता लाभला, पुढची ओवी जोडणारी बाई लाभली नाही. मनरोच्या यशाचा प्रश्न असाच आहे. बॅलखच्या मैदानातले हजारो लोक गॅलिक धृपद त्याच्याबरोबर म्हणत होते, पण त्यातल्या किती जणांना पुढची ओळ स्वतः रचता आली असती? 1991 च्या जनगणनेत गॅलिकभाषक सहासष्ट हजारांच्या आत आले होते, 2001 मध्ये एकोणसाठ हजारांच्याही खाली. बँडचा आलेख वर जात होता तेव्हा भाषेचा खाली येत होता.

मनरोच्या राजकारणाकडे मी या पार्श्वभूमीवर पाहतो. 1991 ते 1994 तो एडिंबरा विद्यापीठाचा रेक्टर होता. तिथे हे पद निवडणुकीने मिळतं. मे 1997 मध्ये तो मजूर पक्षातर्फे रॉस, स्काय आणि इन्व्हर्नेस वेस्ट या मतदारसंघातून ब्रिटिश संसदेसाठी उभा राहिला. देशभर मजूर पक्षाची लाट असताना लिबरल डेमोक्रॅट चार्ल्स केनेडींनी त्याला हरवलं. त्यानंतरही तो बँडमध्ये परतला नाही. ऑगस्टमध्ये स्टर्लिंगच्या किल्ल्यावर त्याने निरोपाचे कार्यक्रम केले आणि 1999 मध्ये नव्याने स्थापन होणाऱ्या स्कॉटिश संसदेसाठी त्याच भागातून पुन्हा उभा राहिला. या वेळी तो जॉन फार्कर मनरो यांच्याकडून हरला. ते स्वतः गॅलिकभाषक आणि छोटे शेतकरी होते.

या दुसऱ्या पराभवात मला बरंच काही दिसतं. बाहेरच्या जगासाठी डॉनी मनरो हा गॅलिकचा आवाज होता. त्या मतदारसंघात मात्र गॅलिक बोलणारा आणि जमीन कसणारा दुसरा मनरो समोर उभा होता. जिथे भाषा अजून रोजची आहे, तिथे भाषेचं प्रतीक असण्याला वेगळं मोल मिळत नाही. बँडचा कीबोर्डवादक पीट विशार्ट 2001 मध्ये स्कॉटिश नॅशनल पार्टीचा खासदार झाला आणि वेस्टमिन्स्टरमध्ये दीर्घकाळ टिकला. म्हणजे या गाण्यांतून राजकारणाकडे जाणारी वाट एकच नव्हती. एकाच मंचावरून एक जण मजूर पक्षात गेला, दुसरा स्वातंत्र्यवाद्यांकडे. ‘आपण’ म्हणणारं गाणं पुढचं वाक्य सांगत नाही, ते प्रत्येकाला स्वतःच जुळवावं लागतं.

मनरोने ते जुळवून पाहिलं, हे मला महत्त्वाचं वाटतं. तेवीस वर्षं दुसऱ्याने लिहिलेलं ‘आपण’ गाणाऱ्या माणसाला एका टप्प्यावर वाटलं असावं, की या सर्वनामाची जबाबदारी आता आपल्या नावावर घ्यावी. तो हरला. पण पुढे त्याने जे काम स्वीकारलं, ते मी त्याच्या कारकिर्दीचा खरा उत्तरार्ध मानतो. साबल मोर ओस्तग या महाविद्यालयात विकासाच्या कामाची जबाबदारी त्याने घेतली. एकल गाणंही चालू राहिलं : 1999 चा ‘ऑन द वेस्ट साइड’, 2003 चा ‘गेलिक हार्ट’. पण ज्या बेटावर 1973 मध्ये बँड आणि महाविद्यालय एकदमच जन्मले, तिथे बँडचा गायक महाविद्यालयाच्या इमारतींसाठी आणि निधीसाठी झटू लागला. मंचावर भाषेला कान मिळतात. तोंडं मिळायची असतील, तर वर्ग लागतो.

रनरिग त्याच्याशिवाय आणखी वीस वर्षं चाललं. 1998 मध्ये आलेला ब्रूस गुथ्रो कॅनडातल्या केप ब्रेटनचा होता, जिथे हायलँडमधून निघालेले लोक जाऊन वसले होते. ‘अमेरिका’ नावाच्या नाचात गरगरत गेलेल्यांच्या मुलुखातून एक गायक उलट आला, असंही म्हणता येईल. गॅलिक त्याची मातृभाषा नव्हती. त्याच्या काळात गॅलिक गाणी बहुधा रोरी मॅकडॉनल्ड गाऊ लागला. लिहिणारा आणि गाणारा यांच्यातलं अंतर त्यामुळे मिटलं, पण मनरोच्या उच्चारात दुसऱ्याचं म्हणणं जपून पोहोचवण्याची जी दक्षता होती, ती मला त्यात सापडत नाही. आपलंच म्हणणं सांगताना माणूस थोडा सैल होतो. ऑगस्ट 2018 मध्ये स्टर्लिंगलाच, किल्ल्याच्या पायथ्याशी, बँडने शेवटचे कार्यक्रम केले.

2022 च्या जनगणनेत गॅलिक बोलणारे सुमारे सत्तर हजार आढळले. 2011 मध्ये ते साडेसत्तावन्न हजारांच्या आत होते. शतकभराच्या घसरणीनंतर आकडा वर गेला. मात्र पश्चिमेकडच्या बेटांवर, जिथे ही भाषा गावाची म्हणून टिकली होती, तिथे बोलणाऱ्यांचं प्रमाण निम्म्याखाली उतरलं. वाढ झाली ती इतरत्र, शाळांतून आणि वर्गांतून शिकणाऱ्यांमुळे. या वाढीचं श्रेय एका बँडला देणं खुळेपणा ठरेल. 2005 चा भाषाविषयक कायदा, गॅलिक माध्यमाच्या शाळा, 2008 पासूनची बीबीसी अल्बा वाहिनी, हे सगळं त्यामागे आहे. पण हे दोन आकडे शेजारी ठेवले, की गाण्याच्या ताकदीची सीमा दिसते. गाणं भाषेची इच्छा निर्माण करू शकतं. भाषेचं गाव ते राखू शकत नाही. इच्छा झालेल्यांना शिकायला जागा हवी आणि राहणाऱ्यांना राहण्याचं कारण हवं, आणि या दोन्ही गोष्टी गाण्याच्या बाहेर घडतात.

महाराष्ट्राबाहेर राहून मराठीत लिहिणाऱ्या माझ्यासारख्याला ही सीमा परकी नाही. आपल्या भाषेचे बोलणारे कोट्यवधी आहेत, त्यामुळे गॅलिकशी आपली तुलना थेट करता येत नाही. पण दुसऱ्या-तिसऱ्या पिढीच्या ज्या घरांत मराठी फक्त आरत्या आणि भावगीतांपुरती उरते, तिथे तिचं स्थान बॅलखच्या मैदानातल्या धृपदासारखंच असतं : प्रेमाने म्हटलं जाणारं, पुढची ओळ न सुचणारं. तिथे आवाज कमावलेला गायक पुरत नाही. मनरो जे शेवटी करू लागला, ते करणारं कुणीतरी लागतं.